चौरसाची शाब्दिक उदाहरणे पुन्हापुन्हा चुकतात, तेव्हा चूक कुठे शोधायची

सूत्रे पाठ असतात. परिमिती म्हणजे चार गुणिले बाजू, क्षेत्रफळ म्हणजे बाजूचा वर्ग, हे झोपेतून उठवून विचारले तरी मूल सांगते. 'बाजू 7 सेमी, क्षेत्रफळ काढा' म्हटले की 49 तयार. तेच मूल 'एका चौरसाकृती बागेभोवती...' अशी सुरुवात दिसली की गडबडते. पालक येतात ते हीच तक्रार घेऊन. "मॅडम, घरात सगळं येतंय, पेपरात काय होतंय कळंना." सांगलीत पाचवी ते आठवीच्या मुलांना गणित शिकवताना हे दरवर्षी ऐकायला मिळते, शिष्यवृत्ती परीक्षा जवळ आली की जास्तच.

यावर बहुतेक घरांत एकच उपाय होतो, सूत्र वहीत दहादा लिहायला लावणे. त्याने फरक पडत नाही. सूत्र येतच असते. प्रश्न कडेबद्दल आहे की आतल्या जागेबद्दल, हे ठरण्याआधीच मुलाने उदाहरणातले आकडे उचलून गुणाकार सुरू केलेला असतो. माझ्या अनुभवात शाब्दिक उदाहरणांतल्या बहुतेक चुका इथेच होतात, आणि आकडेमोड तपासून त्या सापडत नाहीत.

म्हणून आधी वही उघडा आणि चुकलेली उत्तरे बघा. नुसती फुली मारून पुढे जाऊ नका. चुकलेल्या आकड्यावरून चूक कुठल्या पायरीवर झाली ते बऱ्याचदा नेमके कळते. खाली जे लिहिले आहे ते असेच, चुकीच्या उत्तरांवरून मागे जाऊन.

बाजू 4 घेऊन शिकवू नका

चौरस शिकवताना सोपा आकडा म्हणून बऱ्याचदा बाजू 4 घेतली जाते. परिमिती 4 × 4 = 16, क्षेत्रफळही 4 × 4 = 16. एकक वेगळे, पण आकडा तोच. मुलाने क्षेत्रफळ काढताना परिमितीचे सूत्र वापरले तरी उत्तर 16 येते, वर बरोबरची खूण मिळते आणि गोंधळ पक्का होतो. पुढच्या उदाहरणात बाजू 9 आली की तेच मूल क्षेत्रफळ 36 लिहिते आणि आपण म्हणतो, काल तर येत होते.

दोन्ही आकडे सारखे येतात ते फक्त बाजू 4 असतानाच. त्याहून लहान बाजूला परिमितीचा आकडा मोठा असतो, त्याहून मोठ्या बाजूला क्षेत्रफळाचा. मुलाला 1 ते 10 बाजूंचा तक्ता स्वतः करू द्या. बाजू 1 ला 4 आणि 1, बाजू 2 ला 8 आणि 4, बाजू 3 ला 12 आणि 9, मग 16 आणि 16, आणि शेवटी बाजू 10 ला 40 आणि 100. दोन रकाने शेजारीशेजारी उतरताना परिमिती चार-चारने वाढते आणि क्षेत्रफळ उड्या मारत पुढे जाते, हे ज्या मुलाने स्वतः बघितले त्याला दोन्हींतला फरक वेगळा सांगावा लागत नाही.

उत्तराचे वाक्य आधी लिहायचे

हा उपाय मला सर्वांत जास्त उपयोगी पडला आहे, म्हणून जरा सविस्तर.

मुलाला सांगा की उदाहरण वाचून झाले की आकडेमोडीला हात लावायचा नाही. आधी उत्तराचे वाक्य लिहायचे, आकड्याची जागा रिकामी ठेवून. 'कुंपणाला ____ मीटर तार लागेल.' 'खोलीला ____ फरश्या लागतील.' 'प्लॉटची बाजू ____ मीटर आहे.' एककासकट.

यात दोन गोष्टी आपोआप होतात. एक तर प्रश्न शेवटपर्यंत वाचावा लागतो. दुसरे म्हणजे मीटर लिहायचे की चौरस मीटर, हे ठरवताना कडा की जागा हेही ठरून जाते. वाक्य लिहिता येत नसेल तर मुलाला प्रश्नच कळलेला नाही. तिथे थांबून उदाहरण मोठ्याने वाचून घ्यावे आणि त्याच्याच शब्दांत सांगायला लावावे. पुढची बेरीज-गुणाकार त्या वेळी महत्त्वाची नाही.

काही मार्गदर्शकांत शब्दांची यादी दिलेली असते. कुंपण, दोरी, लेस, फेरी हे शब्द आले की परिमिती, आणि फरशी, रंग, गवत, पेरणी आले की क्षेत्रफळ. अशी यादी पाठ करून घेऊ नये असे माझे स्पष्ट मत आहे. हे उदाहरण बघा.

एका चौरसाकृती शेताला एकेरी तारेचे कुंपण घालायला 40 रुपये मीटर दराने 4800 रुपये खर्च आला. तर त्या शेताचे क्षेत्रफळ किती?

'कुंपण' दिसले, यादीप्रमाणे परिमिती. मूल 4800 भागिले 40 करते, 120 येतात आणि खाली दोन रेघा मारून मोकळे होते. पण विचारले आहे क्षेत्रफळ. 120 ही परिमिती, म्हणून बाजू 30 मीटर आणि क्षेत्रफळ 900 चौरस मीटर. 'शेताचे क्षेत्रफळ ____ चौ.मी. आहे' एवढे वाक्य आधी लिहिले असते तर 120 वर थांबता आले नसते, कारण रिकाम्या जागेपुढे चौ.मी. आधीच लिहून ठेवलेले आहे.

चारने भागायचे की वर्गमूळ काढायचे?

सहावी-सातवीत हा प्रश्न सारखा येतो. "मॅडम, बाजू काढायचीय, चारनं भागू का?"

बाजू दोन वाटांनी काढता येते. परिमिती दिली असेल तर चारने भागायचे, क्षेत्रफळ दिले असेल तर वर्गमूळ घ्यायचे. मुले दोन्हीकडे चारनेच भागतात, कारण चौरसाला चार बाजू असतात हे डोक्यात घट्ट बसलेले असते. कुस्तीची चौरस मॅट घ्या. ती 12 मीटर बाजूची असते, म्हणजे क्षेत्रफळ 144 चौरस मीटर. 'मॅटचे क्षेत्रफळ 144 चौ.मी. आहे, बाजू किती?' असे विचारले की अर्ध्या वर्गाचे उत्तर 36 मीटर. आपल्याकडच्या पोरांना कुस्ती नवी नाही. 36 मीटर म्हणजे केवढे अंतर, ते मैदानावर पावले टाकून दाखवले की एवढी मॅट असत नाही हे तेच सांगतात.

पण अंदाजावर सोडून चालत नाही, उलटा ताळा हवाच. बाजू 36 आली ना, मग 36 × 36 करून बघ, 144 येतात का? येतात 1296. चूक मुलाच्याच हाताखाली उघडी पडते. हा ताळा दर वेळी करायला लावा, उत्तर बरोबर असले तरी. एका मुलीच्या वहीत प्रत्येक उदाहरणाखाली बारीक अक्षरात हा ताळा लिहिलेला असतो, आणि तिची चूक झालीच तर ती माझ्याकडे वही येण्याआधी तिनेच खोडलेली असते.

इथेच एक अडचण निघते, ती वेगळी ओळखावी. काही मुलांना वर्गमूळ घ्यायचे हे कळते, पण वर्ग पाठ नसतात म्हणून ती पुन्हा चारकडे वळतात. त्यांना 1 ते 30 चे वर्ग पाठ करायला लावा. तिथे समजावून काही उपयोग नाही, पाठांतरच लागते.

गुंठ्याचे गणित

बाजू दुप्पट केली की परिमिती दुप्पट होते, पण क्षेत्रफळ चौपट. हे वाक्य मुले पाठ करतात आणि उदाहरणात विसरतात. सांगली-साताऱ्याच्या मुलांसाठी याला गुंठ्याइतके चांगले उदाहरण नाही. घरात कुणालाही विचारा, एक गुंठा म्हणजे 33 फूट बाय 33 फूट, म्हणजे 1089 चौरस फूट.

आता एका गुंठ्याच्या चौरस तुकड्याला भोवताली 4 × 33 = 132 फूट तार लागते. मग चार गुंठ्यांच्या चौरस तुकड्याला किती? मुले बेधडक 132 × 4 = 528 म्हणतात, आणि खरे सांगायचे तर मोठी माणसेही म्हणतात. वहीत एक गुंठ्याचे चार चौरस काढा, दोन वर, दोन खाली. मोठ्या चौरसाची बाजू 66 फूट, भोवती तार 264 फूट. दुप्पटच. तार फक्त बाहेरच्या कडेला लागते, मधल्या रेघांना लागत नाही.

528 फूट तारेत किती मोठा चौरस बसेल? बाजू 132 फूट, म्हणजे 33 च्या चौपट, आणि जागा सोळा गुंठे. हे उत्तर मुलांनी स्वतः काढले की त्यांचा चेहरा बघण्यासारखा होतो. सातबारावर क्षेत्र हेक्टर-आरमध्ये असते, तेही याच वेळी दाखवून टाका. 1 आर म्हणजे 10 मीटर बाजूचा चौरस, 100 चौरस मीटर. 100 आर म्हणजे 1 हेक्टर, 100 मीटर बाजूचा चौरस. बाजू दहापट, क्षेत्र शंभरपट. गुंठा साधारण 101 चौरस मीटर भरतो, म्हणूनच बोलताना लोक आर आणि गुंठा एकच धरतात. परीक्षेत तसे धरू नये.

आठवीच्या शेकडेवारीच्या उदाहरणांतही हेच येते. बाजू 10 टक्के वाढली तर परिमिती 10 टक्के वाढते, पण क्षेत्रफळ 21 टक्के. 10 ची 11 करा, 100 चे 121 होतात. 20 लिहिणाऱ्याने नुसती दुप्पट केलेली असते.

शेततळ्याभोवतीची पट्टी

मार्ग, रस्ता, पट्टी, किनार अशी उदाहरणे सर्वांत जास्त चुकतात, म्हणून यावर जास्त वेळ द्या.

जत, आटपाडी, कवठेमहांकाळकडे किंवा साताऱ्यात माण-खटावला 30 मीटर बाजूची चौरस शेततळी बघायला मिळतात. आपले उदाहरण असे: 30 मीटर बाजूच्या चौरस शेततळ्याभोवती सगळ्या बाजूंनी 3 मीटर जागा सोडून कुंपण घातले आहे. सोडलेल्या पट्टीचे क्षेत्रफळ किती? (खऱ्या तळ्याच्या बाजू आत उतरत्या असतात, त्यामुळे आतला प्लास्टिकचा कागद 900 चौरस मीटरपेक्षा जास्त लागतो. आपण इथे फक्त वरचा चौरस धरतो आहोत. आणि कुंपण खरोखरच हवे. ओल्या कागदावर पाय घसरला की बाहेर येणे फार अवघड असते, हे मुलांना गणितासोबत सांगाच.)

बरोबर उत्तर 396 चौरस मीटर. वहीत मात्र दोन चुकीची उत्तरे हमखास सापडतात, 189 आणि 360.

189 कुठून येते? मुलाने 30 मध्ये 3 एकदाच मिळवले. बाहेरची बाजू 33 धरली, 1089 मधून 900 वजा केले. पट्टी डावीकडेही आहे आणि उजवीकडेही, हे आकृती न काढता लक्षात येत नाही. आकृती काढायला लावा, आणि एका आडव्या रेषेवर बोट फिरवत मोठ्याने म्हणायला लावा: 3, मग 30, मग 3. एकूण 36. एवढे झाले की 1296 वजा 900, 396.

360 चे उत्तर हुशार मुलाचे असते. त्याने सूत्राच्या भानगडीत न पडता चार बाजूंना चार पट्ट्या कल्पिल्या, प्रत्येकी 30 × 3 = 90, चार मिळून 360. विचार चांगला आहे, त्याला चूक म्हणून झिडकारू नका. फक्त चार कोपरे राहिले. प्रत्येक कोपऱ्यात 3 × 3 चा एक छोटा चौरस, असे चार, 36 चौरस मीटर. 360 अधिक 36, 396. दोन वेगळ्या वाटांनी एकच उत्तर आले की मुलाला मनापासून आनंद होतो. अशा मुलाला मी दोन्ही रीती वहीत शेजारीशेजारी लिहायला लावते.

आता याच कुंपणाला दर 3 मीटरवर एक खांब. किती खांब? कुंपणाची एक बाजू 36 मीटर. मुले म्हणतात, 36 भागिले 3 म्हणजे 12, टोकाचा एक धरून 13, चार बाजूंचे 52. बरोबर उत्तर 48. प्रत्येक कोपऱ्याचा खांब दोन बाजूंत मोजला गेला, म्हणून चार जास्त आले. परिमिती 144, भागिले 3, सरळ 48. रांग जिथून सुरू होते तिथेच येऊन मिळाली की 'अधिक एक' करायचे नसते. सरळ रस्त्याच्या कडेची झाडे मोजताना ते करावे लागते, आणि तिथली सवय मूल इथे आणते.

कोपऱ्याची हीच चूक बुद्धिबळाच्या पटावर हात ठेवून दाखवता येते. सांगलीत बुद्धिबळ रुजवणाऱ्या भाऊसाहेब पडसलगीकरांच्या या गावात पट शोधायला लांब जावे लागत नाही. पटाच्या अगदी कडेची घरे किती? 8 × 4 = 32 म्हणतील. मोजायला सांगा, 28 भरतात. चार कोपरे दोनदा मोजले गेले होते.

खोलीला एकच फरशी?

3 मीटर बाजूच्या चौरस खोलीला 30 सेमी बाजूच्या चौरस फरश्या किती लागतील? मुलगा लिहितो: खोली 9 चौ.मी., म्हणजे 900 चौ.सेमी. फरशी 900 चौ.सेमी. उत्तर 1.

1 मीटर म्हणजे 100 सेमी, म्हणून 1 चौरस मीटर म्हणजे 100 चौरस सेमी, ही समजूत फार चिवट आहे. 1 चौरस मीटरला 10,000 चौरस सेमी होतात, कारण 100 × 100. नियम सांगून हे टिकत नाही. आधी बाजूच सेंटिमीटरमध्ये करायची आणि मग क्षेत्रफळ काढायचे, ही सवय लावा. 300 सेमी, 30 सेमी, एका ओळीत 10 फरश्या, दहा ओळी, 100 फरश्या. ओळी मोजण्याची ही रीत पाचवीच्या मुलालाही जमते.

दुसरी नेहमीची चूक म्हणजे क्षेत्रफळाला फरशीच्या बाजूने भागणे. 12 फूट बाजूच्या खोलीत 2 फुटी फरश्या घालायच्या, तर 144 भागिले 2 करून 72. फरशी 2 × 2 = 4 चौरस फूट जागा घेते, म्हणून 36. त्याच खोलीच्या स्कर्टिंगचा प्रश्न लगेच जोडा: भिंतीच्या तळाला पट्टी लावायची, दरवाजा 3 फुटांचा. 48 वजा 3, 45 फूट. एकाच खोलीवर दोन्ही प्रश्न पाठोपाठ विचारले की कडा आणि जागा यांतला फरक ठसतो. वेगवेगळ्या दिवशी वेगवेगळे प्रकार घेतल्याने तो ठसत नाही, कारण आज कुठले सूत्र वापरायचे हे मुलाला धड्याच्या नावावरूनच कळते.

तार तीच, आकार बदलला

14 सेमी लांब, 6 सेमी रुंद आयताची तार सरळ करून तिचा चौरस केला. चौरसाचे क्षेत्रफळ किती? मूल आयताचे क्षेत्रफळ 84 काढते, वर्गमूळ काढायला जाते, ते पूर्ण येत नाही, आणि उदाहरण सोडून देते. तारेची लांबी बदलत नाही, म्हणजे परिमिती कायम: 40 सेमी. बाजू 10, क्षेत्रफळ 100 चौरस सेमी. तारेचा तुकडा खरोखर हातात द्या, वाकवू द्या. फळ्यावर तासभर बोलण्यापेक्षा ते बरे.

दोन चौरस जोडण्याची उदाहरणेही याच जातीची. 20 मीटर बाजूचे दोन चौरस तुकडे शेजारीशेजारी आहेत आणि मधला बांध काढून दोन्हींना मिळून एकच कुंपण घातले. 80 अधिक 80 करून 160 येत नाहीत. मधली कड दोन्हीकडून गेली, 40 वजा, उरले 120 मीटर. क्षेत्रफळ मात्र पुरे 800.

मुलाची चूक कुठली, हे एका उदाहरणात बघायचे असेल तर

हे उदाहरण द्या आणि मध्ये काही बोलू नका: एका चौरस प्लॉटचे क्षेत्रफळ 625 चौ.मी. आहे. त्याच्या आतल्या बाजूने कडेला लागून सगळीकडे 2 मीटर रुंद रस्ता आहे. रस्त्याचे क्षेत्रफळ किती?

बाजू 25, आतला चौरस 21 बाजूचा, 625 वजा 441, उत्तर 184 चौरस मीटर. 96 आले तर मुलाने 2 मीटर एकाच बाजूने वजा केले आहेत, बोट फिरवण्याची रीत पुन्हा घ्या. 200 आले तर चार पट्ट्या 25 × 2 च्या धरल्या आणि कोपरे दोनदा मोजले, म्हणजे 16 जास्त. 216 आले तर 'आतल्या बाजूने' हे शब्द वाचलेच नाहीत आणि रस्ता बाहेर काढला. आणि कच्च्या कामात कुठे 156.25 दिसले, तर 625 ला चारने भागले आहे. त्या मुलाला आज रस्त्याची उदाहरणे देऊ नका, नुसत्या क्षेत्रफळावरून बाजू काढायची पाच उदाहरणे द्या, ताळ्यासकट.